डाउडिंगला कधी, का आणि कुणी घरी पाठवलं?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: ब्रिटनच्या फायटर कमांडचा, म्हणजे लढाऊ विमानांच्या दलाचा प्रमुख ह्यू डाउडिंग याने १९४० मध्ये जर्मन हवाई हल्ल्यांपासून ब्रिटन वाचवलं आणि ती लढाई संपते न संपते तोच त्याला पदावरून काढलं. मग त्याला राजकारणाचा बळी म्हणायचं का? मुलगी एसएसबीची, म्हणजे सैन्यदलातल्या अधिकारी निवडीची तयारी करतेय, तिथल्या लेक्चरेटच्या, म्हणजे छोट्या भाषणाच्या सरावाला तिने हा विषय घेतलाय आणि तीन मिनिटांत काय सांगायचं ते तिला सुचत नाहीये.

मी बावीस वर्षं आपल्या हवाई दलात फायटर कंट्रोलर होतो. विमान उडवणारा नव्हे, अंधाऱ्या खोलीत रडारच्या स्कोपसमोर बसून वैमानिकाला कुठे वळ आणि किती उंचीवर जा हे सांगणारा. ही नोकरी ज्यांच्यामुळे जन्माला आली त्यांत डाउडिंगचं नाव अगदी वरचं, त्यामुळे मी तटस्थ नाही हे आधीच सांगून टाकतो. शेवटची काही वर्षं तरुण अधिकाऱ्यांना हवाई संरक्षण शिकवायचो, तेव्हा दर बॅचमध्ये कुणीतरी हा प्रश्न विचारायचंच. आणि प्रत्येक वेळी प्रश्नाची सुरुवात ऑगस्ट १९४० पासूनच व्हायची. माझ्या मते घोळ तिथेच होतो. ज्या माणसाची नोकरी चाळीस वर्षांची आहे, त्याचा हिशोब आपण चार महिन्यांवर करतो.

तुमच्या प्रश्नात खरं तर तीन प्रश्न एकमेकांत गुंतलेत. त्याला काढायचा निर्णय चूक होता का? ज्या रीतीने काढलं ती चूक होती का? आणि नंतर त्याला जे मिळायला हवं होतं ते मिळालं का? तिन्हींची उत्तरं वेगवेगळी आहेत. 'अन्याय झाला' म्हणणारे आणि 'काही अन्याय नाही' म्हणणारे भांडत राहतात, कारण दोघं वेगवेगळ्या प्रश्नांची उत्तरं देत असतात.

आधी माणूस पाहू. १८८२ चा जन्म, स्कॉटलंडमधलं मॉफट हे गाव, वडील शाळा चालवायचे. १९०० मध्ये तो तोफखान्यात अधिकारी झाला. जिब्राल्टर, सिलोन, हाँगकाँग करत १९०४ मध्ये हिंदुस्थानात आला, पहाडी तोफखान्यात. म्हणजे तोफेचे भाग सुटे करून खेचरांच्या पाठीवर लादायचे आणि डोंगर चढायचा. विमान चालवायचा परवाना त्याने काढला तो १९१३ च्या डिसेंबरात, एकतिशी उलटल्यावर. स्वभाव घुमा, मोजकं बोलणारा, मेसमध्ये न रमणारा. दलात त्याचं टोपणनाव होतं 'स्टफी'. आपल्याकडे असल्या साहेबाला काय म्हणतात ते इथे लिहीत नाही.

पहिल्या महायुद्धातली एक गोष्ट मात्र लक्षात ठेवा, ती पुढे कामी येईल. १९१६ मध्ये फ्रान्समधल्या सोमच्या लढाईत त्याच्या हाताखालची एक स्क्वॉड्रन, म्हणजे विमानांची तुकडी, पार पिळवटून निघाली होती. तिला मागे घ्या, पोरांना विश्रांती द्या, असं त्याने थेट ट्रेन्चर्डला सांगितलं. ट्रेन्चर्ड म्हणजे ब्रिटिश हवाई दलाचा बाप माणूस, आणि त्याचा बाणा सतत चढाईचा. त्याने स्क्वॉड्रन मागे घेतली, पण डाउडिंगबद्दल त्याचं मत कायमचं बिघडलं. पुढे डाउडिंगची रवानगी इंग्लंडमध्ये झाली आणि त्या युद्धात आघाडीवरची कमान त्याला परत मिळाली नाही. एसीआरमध्ये, म्हणजे वार्षिक गोपनीय अहवालात, एका ओळीने काय होतं हे ज्यांनी नोकरी केलीय त्यांना सांगायला नको.

आता मुद्द्याची वर्षं: १९३० ते १९३६. या सहा वर्षांत डाउडिंग हवाई दलाचा कारभार पाहणाऱ्या एअर कौन्सिलवर होता, आधी पुरवठा आणि संशोधन या खात्याचा सदस्य म्हणून, आणि १९३५ मध्ये खातं विभागल्यावर फक्त संशोधन आणि विकासाचा. टेबलाची नोकरी. फायली, टेंडरं, कारखानदार, शास्त्रज्ञ. मुलं चरित्र वाचताना हीच पानं उलटून पुढे जातात.

खुर्चीत बसून महिना-सव्वा महिना होतो न होतो तोच ५ ऑक्टोबर १९३० ला आर-१०१ हे प्रचंड हवाई जहाज (विमान नव्हे, वायूने भरलेलं एअरशिप) फ्रान्समध्ये बोव्हेजवळ कोसळून जळालं. माणसं गेली ४८. ते जहाज कराचीला निघालं होतं, म्हणजे आपल्याकडेच येत होतं. उड्डाणाच्या मंजुरीत डाउडिंगचाही हात होता. वरून राजकीय घाई होती, तो खात्यात नवखा होता, त्याने अडवलं नाही. आणखी चाचण्यांचा आग्रह धरायला हवा होता, हे त्याने पुढे कबूल केलं.

माझ्या वाचनाप्रमाणे त्या रात्रीने हा माणूस घडवला. सिद्ध करता येणार नाही, पण पुढचं पाहा. १९३५ च्या सुरुवातीला शास्त्रज्ञ वॉटसन-वॉट आणि त्याचा सहकारी विल्किन्स यांनी कल्पना मांडली की विमानावरून परतणाऱ्या रेडिओ लहरींवरून ते कुठे आहे हे ओळखता येईल. गणित कागदावर बरोबर होतं. डाउडिंगचं म्हणणं एवढंच, की कागदावर काहीही सिद्ध करता येतं, आधी दाखवा, मग पैसे. म्हणून २६ फेब्रुवारी १९३५ ला डॅव्हेंट्रीच्या बीबीसी ट्रान्समीटरच्या लहरींतून एक हेफर्ड बॉम्बर उडवला गेला. शेतात उभ्या केलेल्या गाडीतल्या यंत्रावरचा हिरवा ठिपका लांबला, आखूड झाला, आणि विमान आठेक मैलांपर्यंत टिपता आलं. त्यानंतर दहा हजार पौंड मंजूर झाले. रडारचा इतिहास अनेक देशांत सुरू होतो, पण रडारवर उभ्या राहिलेल्या हवाई संरक्षणाचा इतिहास या शेतातून सुरू होतो.

हरिकेन आणि स्पिटफायर या दोन्ही विमानांची मागणीपत्रं याच काळातली. दोन्ही त्याने एकट्याने घडवली असं म्हणू नका, कुणी जाणकार लगेच पकडेल. आठ मशीनगनचा आग्रह इतरांचाही होता, आणि डिझायनर तर डिझायनरच. पण फाईल त्याच्या टेबलावरून गेली आणि अडली नाही, हे त्याचं. हरिकेन नोव्हेंबर १९३५ मध्ये उडालं, स्पिटफायर मार्च १९३६ मध्ये. आणि १४ जुलै १९३६ ला नवी फायटर कमांड उभी राहिली तेव्हा तिचा पहिला प्रमुख म्हणून नेमणूक झाली ती डाउडिंगची.

फौजेतल्या माणसाला यातली गंमत चटकन कळेल. एरवी सामान मागवणारा एक आणि वापरणारा दुसरा. वापरणारा म्हणतो, कुणी घेतला हा भंगार? मागवणारा म्हणतो, यांना चालवता येत नाही. माझ्या नोकरीत एका नव्या यंत्रणेवरून अशी पत्रापत्री तीन वर्षं चाललेली मी पाहिलीय, आणि तोवर यंत्र ताडपत्रीखाली. इथे ज्याने मागवलं त्यालाच सांगितलं की आता तूच वापर. असा योग क्वचित येतो.

आणि त्याने ते वापरलं कसं? इथे मी थोडा रेंगाळणार आहे, कारण हा माझा धंदा.

नुसतं रडार म्हणजे संरक्षण नव्हे. डोव्हरपाशी इंग्लंड आणि फ्रान्समधली खाडी जेमतेम ३४ किलोमीटर रुंद. ताशी ३०० किलोमीटर वेगाचा बॉम्बर ती सात मिनिटांत ओलांडतो. स्पिटफायरला २०,००० फूट चढायला आठेक मिनिटं लागायची, हरिकेनला त्याहून जास्त. म्हणजे शत्रू फ्रेंच किनारा सोडताना दिसला तरी उशीरच झालेला. तो पलीकडे आकाशात जमवाजमव करतोय तेव्हाच दिसायला हवा, आणि दिसलेलं वैमानिकाच्या कानापर्यंत मिनिटांत पोचायला हवं. पर्याय एकच: चोवीस तास विमानं हवेत ठेवायची. त्याने इंजिनं आणि माणसं, दोन्ही आठवड्याभरात संपतात.

डाउडिंगने ही मधली मिनिटं वाचवली. किनाऱ्यावरच्या रडार केंद्रांच्या खबरी फोनवरून बेंटली प्रायरीला त्याच्या मुख्यालयातल्या फिल्टर रूममध्ये यायच्या. चार केंद्रांनी चार टोळ्या कळवल्या, तरी खरी टोळी एकच असू शकते, ते तिथे गाळून निघायचं. रडार समुद्राकडे तोंड करून, म्हणून किनारा ओलांडल्यावर पुढचं काम ऑब्झर्व्हर कोअरच्या दुर्बीणवाल्यांचं. गाळलेली माहिती एकाच वेळी ग्रुप (कमांडचे विभाग) आणि सेक्टर (त्यांचे उपविभाग) यांच्या टेबलांवर जायची, तिथे हवाई दलातल्या मुली लांब दांड्यांनी नकाशावर सोंगट्या सरकवायच्या. भिंतीवरच्या घड्याळाच्या तबकडीवर पाच-पाच मिनिटांचे लाल, पिवळे, निळे पट्टे. खबर आली त्या वेळी मिनिटकाटा ज्या पट्ट्यावर, त्या रंगाची सोंगटी. टेबलावर नजर टाकली की कुठली बातमी ताजी आणि कुठली शिळी हे न विचारता कळतं.

मी नोकरीला लागलो तेव्हा आमच्याकडे टेबलाऐवजी उभी पारदर्शक काच असायची. एअरमन तिच्या मागे उभा राहून ग्रीस पेन्सिलने उलटी अक्षरं लिहायचा, म्हणजे पुढून आम्हाला सुलटी दिसावीत. सीमेजवळच्या चौक्यांवरची मुलं डोळ्यांनी विमान पाहून रेडिओवर कळवायची. शब्दही तेच: स्क्रॅम्बल (ताबडतोब उड्डाण), व्हेक्टर, एंजल्स. 'व्हेक्टर वन टू झीरो, एंजल्स फिफ्टीन', म्हणजे १२० अंशांवर वळ आणि १५,००० फूट गाठ. पहिल्या दिवशी आमच्या प्रशिक्षकाने फळ्यावर समद्विभुज त्रिकोण काढला होता. आपलं विमान आणि शत्रूचं विमान जोडणारी रेघ हा पाया. शत्रूचा मार्ग त्या रेघेशी जो कोन करतो, तेवढ्याच कोनावर आपल्याला पाठवा; वेग सारखा असेल तर शिरोबिंदूवर भेट ठरलेली. १९३६ मध्ये बिगिन हिलच्या प्रयोगांत टिझार्ड या शास्त्रज्ञाने काढलेली ही युक्ती. त्याच्या नावावरून तिला 'टिझी अँगल' म्हणत. शाळेत भूमितीत मला बेताचेच मार्क होते, पण तो त्रिकोण आजही झोपेत काढीन.

आता तारखा. 'लढाई जिंकताच काढलं' या वाक्याला खरा धक्का इथे बसतो. त्याला निवृत्त करायच्या गोष्टी लढाईच्या कितीतरी आधीपासून चालल्या होत्या. आधी सांगितलं जून १९३९. मग मार्च १९४० अखेर. ती तारीख तोंडावर आली असताना सांगितलं, १४ जुलै १९४० पर्यंत थांबा. मग जुलैच्या सुरुवातीला पत्र आलं, ऑक्टोबर अखेरपर्यंत. ऑगस्टमध्ये चर्चिलच्या आग्रहाने ही मुदतच उठवली गेली. आणि शेवटी २५ नोव्हेंबरला कमान शोल्टो डग्लसकडे गेली.

यातली १४ जुलै ही तारीख नीट बघा. ब्रिटनच्या लढाईची अधिकृत सुरुवात १० जुलैची. ती तारीख टिकली असती तर लढाईच्या पाचव्या दिवशी सेनापती हार घालून घरी गेला असता! अठ्ठावन्न वर्षांचा माणूस देशाच्या आयुष्यातली सर्वांत मोठी लढाई लढतोय आणि खिशात निवृत्तीचं पत्र आहे, तेही चौथं. त्याआधी वायुदलप्रमुखपद तुमच्याकडे येणार असं त्याला सुचवलं गेलं होतं, आणि १९३७ मध्ये ते गेलं वयाने लहान असलेल्या न्यूऑलकडे. सुपरसीड झालेला माणूस एक्स्टेन्शनवर एक्स्टेन्शन घेत काम करतो तेव्हा त्याची मनःस्थिती काय असते, हे मी जवळून पाहिलंय. काही जण सही पुरते उरतात. काही जण कुणाचीच भीडभाड ठेवत नाहीत. डाउडिंग दुसऱ्या जातीचा.

१६ मे १९४० चं त्याचं पत्र मी वर्गात वाचून दाखवायचो. फ्रान्स कोसळत होता, चर्चिलला आणखी फायटर स्क्वॉड्रन तिकडे पाठवायच्या होत्या. डाउडिंगने हवाई मंत्रालयाला दहा मुद्द्यांत लिहिलं: देशाच्या रक्षणाला ५२ स्क्वॉड्रन लागतील असं तुम्हीच ठरवलं होतंत, आज माझ्याकडे ३६ उरल्यात, किमान किती राखून ठेवायच्या तो आकडा लेखी द्या, नाहीतर फ्रान्समधल्या पराभवाबरोबर या देशाचाही अखेरचा आणि कधीच न भरून येणारा पराभव होईल. पंतप्रधानाची इच्छा माहीत असताना असं लिहायला, मला वाटतं, विमान उडवण्यापेक्षा जास्त छाती लागते.

मग नोव्हेंबरात काढलं का? लोक म्हणतात 'बिग विंग'. लंडन आणि आग्नेय किनारा सांभाळणारा ११ ग्रुपचा कीथ पार्क एकेक-दोनदोन स्क्वॉड्रन पटापट वर पाठवायचा, बॉम्ब पडायच्या आत गाठायला. उत्तरेकडच्या १२ ग्रुपचा ली-मॅलरी आणि त्याचा लाडका डग्लस बेडर म्हणायचे, तीन ते पाच स्क्वॉड्रनचा जथा करून एकदमच तुटून पडू. जथा जमवायला वेळ लागतो, आणि सात मिनिटांचा हिशोब वर दिलाच आहे. शिवाय गर्दीत एकच विमान चौघं 'मी पाडलं' म्हणतात. १५ सप्टेंबरला १८५ विमानं पाडल्याचं जाहीर झालं होतं, खरा आकडा साठच्या आसपास. कंट्रोलर म्हणून माझं मत पार्कच्या बाजूने आहे, लपवत नाही.

१७ ऑक्टोबरच्या मंत्रालयातल्या बैठकीत डाउडिंग आणि पार्क यांच्यासमोर स्क्वॉड्रन लीडर बेडरला आणून बसवलं आणि बोलू दिलं. हे वाईटच. पण दोन ग्रुप कमांडरांमधलं भांडण आठवडे धुमसत असताना दोघांना बोलावून मिटवायचं कुणी? डाउडिंगने. त्याने ते केलं नाही. त्याची चूक दाखवा म्हणाल तर मी हीच दाखवीन. यंत्रणा बांधण्यात हा माणूस अफाट, माणसं हाताळण्यात तोकडा.

माझ्या मते निर्णायक कारण रात्रीचं होतं. सप्टेंबरपासून लंडनवर रोज रात्री बॉम्ब पडत होते, १४ नोव्हेंबरला कॉव्हेंट्री जळालं, पाचशेहून जास्त माणसं मेली, आणि फायटर कमांड अंधारात आंधळी. हरिकेनं रात्रीच्या कामाला लावा, असा चौकशी समितीचा आग्रह. डाउडिंगचं म्हणणं, रडार नसलेलं विमान रात्री पाठवून काही उपयोग नाही. विमानात बसणारं रडार आणि ते नेणारं ब्यूफायटर विमान तयार होतंय, थांबा. तंत्र म्हणून तो बरोबर ठरला. १९ नोव्हेंबरच्या रात्री जॉन कनिंगहॅमने ब्यूफायटरमधून रडारच्या मदतीने बॉम्बर पाडला. सहा दिवसांनी डाउडिंग गेला. पण शहरं जळत असताना 'थांबा' हे उत्तर कुठलंही सरकार ऐकून घेत नाही.

तेव्हा पहिल्या प्रश्नाचं माझं उत्तर: बदल करायचा निर्णय अगदीच अनाठायी नव्हता. थकलेला, वारंवार मुदतवाढ मिळालेला सेनापती, लढाईचं रूप बदललेलं. तुम्ही जिंकलेल्या लढाईकडे पाहिलंत तर अन्याय वाटेल, पुढच्या लढाईकडे पाहिलंत तर कदाचित नाही. हे तुम्ही कुठे उभे आहात त्यावर आहे.

रीत मात्र वाईट. आणि तिसऱ्या प्रश्नाला तर बचावच नाही. १९४१ मध्ये मंत्रालयाने ब्रिटनच्या लढाईवर पुस्तिका काढली, त्यात डाउडिंगचं नाव नाही! चर्चिलसुद्धा भडकला. १९४२ मध्ये डाउडिंग निवृत्त झाला, पुढच्या वर्षी 'बेंटली प्रायरीचा बॅरन' झाला, पण पंचतारांकित मार्शलपद त्याला कधीच दिलं नाही. त्याच्या जागी आलेल्या शोल्टो डग्लसला मात्र १९४६ मध्ये ते मिळालं. पार्कचंही तेच: डिसेंबर १९४० मध्ये त्याचा ग्रुप ली-मॅलरीला दिला आणि त्याला प्रशिक्षणाकडे पाठवलं.

सोमची गोष्ट लक्षात ठेवा म्हटलं होतं. १९४० मध्ये विमानांपेक्षा वैमानिक कमी पडायला लागले, तेव्हा डाउडिंगने दमलेल्या स्क्वॉड्रन उत्तरेला शांत भागात पाठवून तिथल्या ताज्या दक्षिणेत आणायचा क्रम ठेवला. सप्टेंबरात तेही पुरेना, मग स्क्वॉड्रनचे तीन वर्ग पाडून मागच्या वर्गातले अनुभवी वैमानिक पुढे ओढले. ज्या आग्रहापायी १९१६ मध्ये त्याची आघाडी सुटली, तोच आग्रह. त्याचा स्वतःचा मुलगा डेरेक त्या उन्हाळ्यात स्पिटफायर उडवत होता.

मुलीला सांगा, तीन मिनिटांत चरित्र म्हणायला जाऊ नकोस. सुरुवात शेतातल्या त्या गाडीपासून कर, २६ फेब्रुवारी १९३५. मग घड्याळाचे रंग, मग सात मिनिटं आणि आठ मिनिटं. एवढ्यात दोन मिनिटं जातात. उरलेल्या मिनिटात १६ मे चं पत्र. आणि ग्रुप टेस्टिंग ऑफिसरने विचारलंच, 'तुमच्या मते अन्याय झाला का?', तर हो किंवा नाही म्हणायच्या आधी त्यांना १४ जुलै ही तारीख सांगायची.